सिंजिलची आजी

मराठी घरात अरब माणूस पहिल्यांदा शिरतो तो गोष्टीतून. एकोणिसाव्या शतकात कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी’ मराठीत आणायला घेतल्या, आणि तेव्हापासून अल्लाउद्दीनचा दिवा, अलीबाबाची गुहा, सिंदबादच्या सफरी आपल्याच होऊन गेल्या. मुल्ला नसरुद्दीन तर बिरबल आणि तेनालीरामाच्या पंगतीलाच बसतो. मग मूल मोठं होतं आणि हा सगळा गोतावळा कुठेतरी नाहीसा होतो. अरब माणूस पुन्हा दिसतो तो थेट बातमीत, धुराच्या लोटात नाहीतर तेलाच्या भावात. ज्यांच्या घरचं कुणी आखातात नोकरीला असतं, त्यांच्याकडे तो ‘अरबाब’, म्हणजे मालक, म्हणून येतो. सुट्टी देणारा, सुट्टी नाकारणारा, कागदांवर सही करणारा.

दिव्यातला जिन आणि रात्रीची बातमी, यांच्यामध्ये केवढी तरी जागा मोकळी पडली आहे. तिथे आजी नाही. बॅग भरायला नकार देणारा हट्टी मुलगा नाही. अंगणातल्या लिंबाशी बोलणारं कुणी नाही. मी मस्कतला, रुवीत राहते. खाली करक चहा घेताना, लिफ्टमध्ये, दवाखान्याच्या रांगेत अरब माणसं रोज भेटतात. तरी इथे वाढणाऱ्या आमच्या मराठी मुलांच्या मनातही ती जागा बरीचशी मोकळीच असते. भारतीय शाळा, भारतीय क्लास, शुक्रवारी कुणाच्या तरी घरी जेवण. अरबी भाषा दुकानांच्या पाट्यांवर. म्हणूनच नाओमी शिहाब नाय ही कवयित्री मला इतकी मोलाची वाटते. नेमक्या या मोकळ्या जागेत तिनं आयुष्यभर एकेक माणूस आणून बसवला, आणि हे काम तिनं मोठ्या प्रमाणात मुलांसाठी लिहून केलं.

नाओमीचा जन्म १९५२चा, अमेरिकेतल्या सेंट लुईसचा. आई अमेरिकन. वडील अझीझ शिहाब मूळचे जेरुसलेमचे. १९४८ मध्ये, इस्रायलच्या स्थापनेच्या वेळी, त्यांच्या कुटुंबाचं तिथलं घर गेलं आणि ते निर्वासित झाले. पुढे अमेरिकेत आले, संसार थाटला, पत्रकारिता केली. रात्री मुलांना झोपवताना ते जुहाच्या गोष्टी सांगत. जुहा म्हणजे आपल्या नसरुद्दीनचा अरबी भाऊबंद, वेडगळ आणि शहाणा दोन्ही. वडिलांच्या गोष्टीतल्या जुहाला मात्र एक खोड होती. तो रस्त्यानं चालला, की त्याला हमखास अंजिराचं झाड दिसे. उंट बांधायचा तर अंजिराच्या झाडाला. झोपायचं तर अंजिराच्या झाडाखाली. पकडला गेला तर खिसे अंजिरांनी भरलेले.

यावर नाओमीची एक कविता आहे, आणि तिची ओळख करून घ्यायची तर माझ्या मते तिथूनच सुरुवात करावी. कवितेतली मुलगी सहा वर्षांची असताना एक सुकं अंजीर खाते आणि खांदे उडवते, एवढं काय त्यात? वडील म्हणतात, मी याच्याबद्दल बोलतच नाहीये. त्यांना हवं असतं ते झाडावरून तोडलेलं, भारानं फांदी जमिनीला टेकलेली असते तसलं. मग वर्षं जातात, घरं बदलतात. कुठल्याच घराला अंजीर नसतं. परसात भाज्या लावल्या जातात, पण वडील काही झाड लावत नाहीत. आई म्हणते, स्वप्नं पाहण्यात हुशार, कितीतरी गोष्टी सुरू करतात आणि अर्धवट टाकतात. आणि मग शेवटच्या घरातून एक दिवस फोन येतो. पलीकडे वडील अरबीत काहीतरी गात असतात, मुलीनं कधीच न ऐकलेलं गाणं. टेक्सासमधल्या डॅलस शहरात, त्यांच्या नव्या घराच्या अंगणात अंजिराचं झाड निघालेलं असतं, फळांनी लगडलेलं.

या कवितेत कुठेही सीमारेषा नाही, ठराव नाही, १९४८ हा आकडासुद्धा नाही. पण गेलेलं घर माणसाच्या मागं किती वर्षं चालत राहतं ते शाळकरी पोरालाही कळतं. ते पोर फक्त हसत हसत अंजिराची गोष्ट ऐकत असतं. नाओमीची ही रीत मला तिच्या सगळ्या लेखनात दिसते. ती मुलाला अरबांविषयी माहिती द्यायला बसत नाही. एक माणूस समोर ठेवते आणि त्याच्या आवडीनिवडी सांगते. मुलं माणसाला त्याच्या आवडीनिवडींवरूनच ओळखतात.

१९६६ मध्ये अझीझनी बिऱ्हाड उचललं आणि बायकोमुलांना घेऊन ते परत मायदेशी गेले. नाओमी तेव्हा चौदा वर्षांची. जेरुसलेमच्या जुन्या शहरातल्या आर्मेनियन शाळेत तिचं नाव घातलं. जेमतेम वर्ष झालं. १९६७च्या जूनमधलं युद्ध तोंडावर आलं आणि कुटुंब पुन्हा अमेरिकेला परतलं, या वेळी टेक्सासमधल्या सॅन अँटोनिओला. पुढचं कॉलेज, लग्न, लेखन, सगळं त्याच गावात झालं. पण त्या एका वर्षानं तिला जन्मभर पुरेल एवढं दिलं, कारण त्या वर्षात तिला आजी मिळाली.

आजीचं नाव खद्रा. गाव सिंजिल, वेस्ट बँकमधलं, जेरुसलेमच्या उत्तरेला, रामल्लाहून नाब्लुसकडे जाणाऱ्या रस्त्यावर. आजीला इंग्रजी येत नव्हतं, नातीला अरबी नव्हतं. आजीवर नाओमीनं कविता लिहिली ती हातांपासून सुरू होते. हे हात द्राक्षं ओळखतात, नुकत्याच जन्मलेल्या करडाची ओली कातडी ओळखतात. नात तापानं फणफणलेली असताना जागी होते तेव्हा हेच हात तिच्या कपाळावर असतात. आजीचे दिवस भाकरीचे बनलेले आहेत, गोल थप-थप आणि मग सावकाश भाजणं. हे वाचताना मराठी माणसाच्या कानात बाजरीची भाकरी थापल्याचाच आवाज येणार. चुलीपाशी बसून आजी रस्त्याकडे बघत असते. एखादी अनोळखी मोटार गावात शिरते. अमेरिकेनं गिळलेला मुलगा असेल का त्यात? बहुतेक वेळा निघतात ते यात्रेकरू. टपाल किती वेळा येतं आणि त्यात पत्र किती क्वचित असतं, याचा हिशेब तिला पाठ आहे. आलंच एखादं, तर ती गावभर सांगते आणि संध्याकाळच्या अंधुक उजेडात ते पुन्हा पुन्हा वाचून घेते.

‘वाचून घेते’ इथे मी दर वेळी थांबते. ज्या बाईपुढे पत्रसुद्धा दुसऱ्यानं वाचावं लागे, तिची नात तिलाच घेऊन जगभरच्या शाळांमध्ये फिरली.

१९९४ मध्ये ‘सित्तीज सीक्रेट्स’ हे चित्रपुस्तक आलं. सित्ती म्हणजे आजी. चित्रं नॅन्सी कार्पेंटरची. मोना नावाची अमेरिकेत राहणारी मुलगी वडिलांबरोबर पॅलेस्टाइनमधल्या आजीकडे जाते. दोघींची भाषा एक नाही. सुरुवातीला मध्ये वडील बसतात, हिचं तिला आणि तिचं हिला सांगतात. मग दोघींना ते नको होतं. बोटं दाखवून, गुणगुणून, टाळ्या वाजवून त्या आपली आपली एक भाषा तयार करतात. आजी डोक्यावरचा रुमाल काढते आणि मोनाला तिचे केस बघायला मिळतात. चुलतभावंडांबरोबर गोट्यांचा डाव होतो. आजीच्या अंगणात लिंबाचं झाड आहे, ती त्याच्याशी बोलते. एवढंच. चोर नाही, शाप नाही, शेवटी कुणी शिकवण काढत नाही.

मोना घरी परतते तेव्हा टीव्हीवर बातम्या चालू असतात आणि तिला आजीची काळजी वाटायला लागते. ती उठून थेट अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांना पत्र लिहिते. आजीबद्दल सांगते, लिंबाबद्दल सांगते. तुम्ही तिला भेटलात तर ती तुम्हाला नक्की आवडेल, असं कळवते. आणि स्वतःचं मत नोंदवते, माझं मत शांततेला आणि माझ्याबरोबर आजीचंही. लहान मूल घरातल्या मोठ्यांच्या वतीनं जसं ठासून बोलतं, तसं. या पुस्तकाला शांतता आणि सामाजिक न्यायावरच्या बालपुस्तकांसाठीचा जेन अ‍ॅडम्स पुरस्कार मिळाला, आणि नंतर १९९७च्या ‘हबीबी’ या तिच्या कुमार कादंबरीलाही तोच मिळाला. ‘हबीबी’तल्या लियानाचं कुटुंब सेंट लुईसहून जेरुसलेमला राहायला जातं. नाओमीचं स्वतःचं ते वर्ष तिथे जवळपास जसंच्या तसं येतं, फक्त काळ पुढचा आहे. तिथे इस्रायली सैनिक येतात आणि आजीच्या घरातली न्हाणी फोडून जातात. कशासाठी, ते कुणालाच कळत नाही. आणि लियानाची एका ज्यू मुलाशी मैत्री होते. दोन्ही गोष्टी एकाच पुस्तकात, एकीनं दुसरीला खोटं न पाडता. कुमारांसाठी लिहिताना यापेक्षा जास्त धीटपणा कुठला असतो, मला माहीत नाही.

तिनं स्वतःचंच लिहिलं असं नाही. दुसऱ्यांचं गोळा करणं हाही तिच्या कामाचा मोठा भाग आहे. १९९२ मध्ये तिनं मुलांसाठी ‘धिस सेम स्काय’ हा कवितासंग्रह संपादित केला. त्यात ६८ देशांतले १२९ कवी आहेत. नंतर मध्यपूर्वेतल्या कविता आणि चित्रांचं वेगळं पुस्तक केलं. अशा संपादनाचं श्रेय फारसं कुणी देत नाही. कवी शोधायचे, परवानग्या मागायच्या, भाषांतरकारांच्या मागे लागायचं, आणि हे सगळं कशासाठी, तर टेक्सासमधल्या एखाद्या सातवीच्या मुलाला इराकी कवीची चार ओळींची कविता वाचता यावी म्हणून. मराठीत लहान मुलांसाठी असा एखादा संग्रह हवा, ही माझी फार जुनी इच्छा आहे.

आता ११ सप्टेंबर २००१. त्या दिवसानंतर अमेरिकेतल्या अरब नावाच्या प्रत्येक माणसाकडे लोक वेगळ्या नजरेनं बघायला लागले. नाओमीची आजी तोवर वारली होती, १०६ वर्षांची होऊन. पण नाओमी लिहिते, की त्या दिवसांत आजीचा आवाज तिच्या मागे लागला. माझ्याही वतीनं बोल, म्हणत होता. मला याचा किती तिटकारा आहे ते सांग, आपण असे नाही म्हणून सांग. नाओमीनं दहशतवादाच्या वाटेवर असणाऱ्यांना उद्देशून एक खुलं पत्र लिहिलं, आत्याबाईनं पुतण्याला हाताला धरून बसवावं अशा सुरात. आणि २००२ मध्ये मध्यपूर्वेवरच्या आपल्या कविता एकत्र करून कुमारांसाठी ‘नाइन्टीन व्हरायटीज ऑफ गझेल’ हा संग्रह काढला. तो नॅशनल बुक अवॉर्डच्या अंतिम यादीत होता.

त्या संग्रहातली सुरुवातीची कविता मी कितीदा तरी वाचली आहे. बस चालली आहे. इमारती कोसळून तीन तास झाले आहेत. शेजारच्या बाकावर फ्लिन नावाचा माणूस येऊन बसतो, दोन वर्षांची शिक्षा भोगून नुकताच तुरुंगातून सुटलेला. त्याला काहीच माहीत नाही. आईकडे चालला आहे, या वेळी नीट वागेन म्हणतो, जग त्याला नवं कोरं दिसतं आहे. कवयित्री त्याला बातमी सांगत नाही. कळेलच थोड्या वेळात. त्या दिवसावर शेकडो कविता लिहिल्या गेल्या असतील, पण तिनं त्या धुरातून नेमका कुणाला उचललं, तर ज्याच्यासाठी ती सकाळ आनंदाची होती त्याला. एका माणसाचा तासभराचा आनंद तिला राखावासा वाटला.

‘गेट ए-४’ नावाचा तिचा एक छोटा गद्य तुकडा इंटरनेटवर फिरत फिरत बहुतेकांकडे पोचला आहे. अमेरिकेतला अल्बुकर्क विमानतळ. विमानाला चार तास उशीर. ध्वनिक्षेपकावरून विचारणा होते, कुणाला थोडंफार अरबी येतं का? नाओमी दबकत पुढे जाते. भरतकामाचा पायघोळ पॅलेस्टिनी झगा घातलेली एक म्हातारी जमिनीवर कोसळून आक्रोश करते आहे. तिला वाटलंय विमान रद्दच झालं, आणि उद्या एल पासोला तिचे उपचार आहेत. नाओमी मोडक्यातोडक्या अरबीत बोलते आणि तेवढ्यावर म्हातारी शांत होते. मग दोघी मिळून म्हातारीच्या मुलाला फोन लावतात. मग उगीचच बाकीच्या मुलांना. मग नाओमीच्या वडिलांना. वडिलांच्या आणि तिच्या ओळखीपाळखी निघतात, आपल्याकडे कुठलं गाव, कुणाचे कोण, हे जसं निघतं तसंच. मग नाओमी आपल्या ओळखीच्या पॅलेस्टिनी कवींनाही लावून देते. आता म्हातारी मांडीवर थापट्या मारत हसते आहे. ती पिशवीतून मामूल काढते, खजूर आणि सुकामेव्याचं सारण भरलेली, वरून पिठीसाखर भुरभुरलेली घरची बिस्किटं, आणि गेटपाशी बसलेल्या सगळ्या बायकांना वाटायला लागते. एकही बाई नको म्हणत नाही. सगळ्यांच्या अंगावर तीच पांढरी साखर. म्हातारीच्या पिशवीत एक रोपटंसुद्धा आहे, प्रवासाला निघताना झाड बरोबर ठेवायची जुनी रीत.

या तुकड्यात मला सगळ्यात जवळची वाटते ती नाओमीची मोडकी अरबी. ती दोन संस्कृतींमधला पूल म्हणून ओळखली जाते खरी, पण पुलाचं एक टोक तिच्या पायाखाली कायम डगमगतं आहे. ती हे लपवत नाही. तिच्या एका कवितेत जॉर्डनमधला माणूस तिला सुनावतो, अरबी येईपर्यंत तुला दुःख कळायचं नाही. ती खजील होते, आणि तरी रस्त्यावर येऊन तिला दिसतं ते हे, की दुःखाला हाक मारली तर ते सगळ्या भाषांमध्ये थांबतं. भाषा पूर्ण येईपर्यंत थांबायचं ठरवलं असतं, तर अल्बुकर्कला ती आपल्या खुर्चीतच बसून राहिली असती.

तिची आणि माझी गाठ पडली ती मात्र इथल्या, ओमानच्या पुस्तकामुळे. ‘द टर्टल ऑफ ओमान’ २०१४ मध्ये आलं. मस्कतमध्ये राहणारा आरेफ. आईवडील पुढच्या शिक्षणासाठी मिशिगनमधल्या अ‍ॅन आर्बरला निघालेत, त्यालाही जावं लागणार. त्याला शाळा सोडायची नाही, मित्र सोडायचे नाहीत आणि आजोबांना, सिदींना, तर मुळीच नाही. आई बॅग भर म्हणून मागे लागते, तो भरत नाही. शेवटी आई सिदींनाच बोलावते. सिदी त्याला बॅग भरायला लावतच नाहीत. ते त्याला घेऊन भटकायला निघतात. वाळवंटात ताऱ्यांखाली मुक्काम, सिदींच्या गच्चीवर झोपणं, समुद्रात मासेमारी, समुद्री कासवं पाहायला रात्रीच्या किनाऱ्यावर. प्रत्येक ठिकाणी सिदी एक लहानसा दगड उचलतात. ते दगड शेवटी आरेफच्या बॅगेत जातात.

मासेमारी करताना नातू आणि आजोबा भारतात जायची स्वप्नं रंगवतात, हे वाचून मी हरखले होते. सिदींच्या वयाच्या ओमानी माणसाला भारत काही परका नाही. १९७० पर्यंत या देशात रिझर्व्ह बँकेनं छापलेला आखाती रुपया चालत होता. मस्कतमधल्या मत्रहच्या सूकमध्ये, म्हणजे बाजारात, अजूनही पांढऱ्या दाढीचे दुकानदार मुंबईच्या गोष्टी हिंदीत सांगतात. आणि कासवांचं म्हणाल तर वेळासच्या किनाऱ्यावर पहाटे जाऊन बसलेल्यांना ते वेगळं सांगायला नको. जिथे जन्मली त्याच किनाऱ्याला मादी कित्येक वर्षांनी अंडी घालायला परतते. नाओमी हे सांगते आणि पुढे जाते, आरेफही परत येईल असं काही ती मुलाला समजावत बसत नाही.

आमच्याकडे शुक्रवारी संध्याकाळी इमारतीतली मुलं गोष्ट ऐकायला येतात. हे पुस्तक मी त्यांना हातातल्या हातात मराठी करून वाचून दाखवलं. ऐकणाऱ्यांत एक मुलगा होता, मस्कतमध्येच जन्मलेला. त्याच्या बाबांची नोकरी संपली होती, व्हिसा रद्द व्हायचा होता, जूनमध्ये सगळे कायमचे नाशिकला निघाले होते. मोठी माणसं त्याला सांगत होती, अरे आता आपल्या घरी जायचं! त्याच्यासाठी घर रुवीत होतं. नाशिक हे त्याचं मिशिगन होतं. आरेफ बॅग भरत नाही हे ऐकल्यावर तो एकदम सरसावून बसला आणि मला म्हणाला, “मावशी, मग त्याला आई ओरडली?” आई ओरडली की नाही, आजोबा बरोबर का जात नाहीत, ते विमानात का बसत नाहीत, त्यांना कोण जेवायला देणार, त्याचे प्रश्न संपेनात. आरेफ ओमानी आहे, मुसलमान आहे, हे कुणाच्या मनातही आलं नाही. आला तो हट्ट, आणि तो सगळ्यांना ठाऊक होता.

निघायच्या आधी मी त्यांच्याकडे गेले तेव्हा कार्गोचे खोके जाऊन घर रिकामं झालं होतं. हॉलमध्ये बॅगा उघड्या पडल्या होत्या आणि त्याची आई हातातल्या हुकाच्या काट्यानं एकेक बॅग उचलून वजन बघत होती. तीस किलोच्या वर गेलं की काहीतरी बाहेर. स्वेटर बाहेर, कुकर बाहेर. शाळेच्या मोज्यांची एक गुंडाळी तिनं उचलली, ती जड लागली, उघडली. आत कुरुमच्या किनाऱ्यावरचे दगड. ती माझ्याकडे बघत राहिली. मी तिला सिदींची गोष्ट सांगितली. तिनं मोजे पुन्हा गुंडाळून आत ठेवले आणि डाळीचं एक पाकीट बाहेर काढलं.

नाओमीच्या कामावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो मी हसण्यावारी नेत नाही. लिंबाचं झाड, भाकरी, मामूल, दगड. याने काय होणार? राष्ट्राध्यक्षांना आजी आवडली म्हणून रणगाडे थांबतात का? तिचं पुस्तक आलं तेव्हापासून आजतागायत सिंजिलचं काय झालं ते बघा. २०२५ मध्ये आलेल्या बातम्यांनुसार इस्रायली लष्करानं गावाच्या कडेनं पाच मीटर उंचीचं लोखंडी कुंपण उभं केलं आहे. गावात जायचा-यायचा एकच रस्ता उघडा ठेवून बाकीचे बंद केले आहेत. लोकांना आपल्याच जमिनीवर जाता येत नाही. खद्रा आजी रस्त्याकडे बघत बसायची, तो रस्ता आता जाळीपलीकडे आहे.

हा प्रश्न नाओमीला कुणी दुसऱ्यानं विचारायची गरज नाही. ती स्वतःच विचारत आली आहे. तिची ‘ब्लड’ नावाची कविता वडिलांच्या थट्टेनं सुरू होते, खरा अरब हातानं माशी पकडू शकतो म्हणे. मग एक आठवण येते. लहानपणी दारात एक मुलगी आली होती, तिला ‘अरब’ बघायचा होता. नाओमी म्हणाली, आमच्याकडे नाहीये. आणि मग कविता एकदम आजच्या वर्तमानपत्रावर येते, पहिल्या पानावर एक पॅलेस्टिनी लहानगा आहे, आणि ती वडिलांना फोन करते, पण वडिलांच्या दोन्ही भाषांमध्ये त्या बातमीला शब्द नाहीत. ती गाडी काढून गावाबाहेर जाते आणि मोकळ्या आभाळाला विचारते, खऱ्या अरबानं आता काय करायचं? कविता तिथेच संपते. तिला उत्तर मिळालं असतं तर ते तिनं लिहिलं असतं, एवढा माझा तिच्यावर विश्वास आहे.

माझं उत्तर एवढंच आहे, की दारात आलेल्या त्या मुलीला आत घ्यायचं काम कुणीतरी करावंच लागतं, आणि ते ती मुलगी लहान असतानाच करावं लागतं. तिला अरब बघायचा होता. तिच्या हातात तेव्हा मोनाची आजी पडली असती तर तिनं असं येऊन विचारलंच नसतं. कुंपण कुणाच्या प्रेमानं पडत नाही हे खरं. पण कुंपणाची बातमी वाचून पान उलटायचं की थांबायचं, हे पलीकडे आपल्या ओळखीचं कुणी आहे की नाही यावर ठरतं. सिंजिल हे नाव २०२५ मध्ये बातमीत आलं तेव्हा मी थांबले, कारण तिथे एक लिंबाचं झाड आहे हे मला माहीत होतं.

२०१९ मध्ये शिकागोच्या पोएट्री फाउंडेशननं नाओमीला मुलांची राजकवी केलं. हा मान मिळालेली ती पहिली अरब-अमेरिकन. त्याच वर्षी तिचा ‘द टायनी जर्नलिस्ट’ हा संग्रह आला. वेस्ट बँकमधल्याच नबी सालेह गावची जन्ना जिहाद ही मुलगी सात वर्षांची असल्यापासून आईच्या फोनवर गावातली निदर्शनं आणि सैनिक टिपून जगाला दाखवत होती. तिच्यावरून सुचलेल्या या कविता. त्यात राग आहे, आणि तो लपवलेला नाही. पंचवीस वर्षांपूर्वी मोना राष्ट्राध्यक्षांना पत्र लिहीत होती, ते वाचतील अशा भरवशानं. जन्ना कुणाला पत्र लिहीत नाही. ती कॅमेरा धरून उभी राहते. काही वाचकांना हा सूर खटकला, पूर्वीची मऊ नाओमी कुठे गेली म्हणाले. मला ती तीच दिसते. आजीच्या हातांकडे इतकं निरखून बघणारीनं नातीच्या हातातला फोन बघितला नसता, तर मला तिच्या सगळ्या गोडव्याचा संशय आला असता.

उन्हाळ्याच्या सुट्टीआधी आमच्या इमारतीतल्या मोठ्या मुलांना मला जन्नावरच्या कविता वाचून दाखवायच्या आहेत. घरून प्रश्न येतील हे मला माहीत आहे, एवढ्या लहान पोरांना हे कशाला, असे. ते चुकीचेही नाहीत. मी आयांनाच आधी बोलावणार आहे आणि त्यांना सित्तीची गोष्ट वाचून दाखवणार आहे. जन्नाचं मग त्यांनीच ठरवावं.